मागच्या पानांवरून

परवा एक मुलगा आला. युनियनच्या संपाला
पन्नास वर्षं झाली, अंक काढतोय म्हणाला.
बोलणं आपलं इंदुरी, अर्धं हिंदी, अर्धं मराठी.
“काकू, रजिस्टर तुमच्याकडे आहे असं पता चला.”

आहे.
परदेशीपुऱ्यातली खोली सोडताना
पितळ विकलं, शिलाई मशीन विकलं,
रजिस्टर गव्हाच्या कोठीत राहिलं.
पोरकिड्यांनीसुद्धा त्याला तोंड लावलं नाही.

अक्षर माझं.
मॅट्रिक झालेले पुरुषांतही तिघे होते,
पण सूर्यभानजी म्हणाले,
बहनजी की लिखावट मोती जैसी है,
आणि पेन माझ्याकडे आलं.
मी हरखले.
पेन धरलेला हात
ठरावाला वर होत नाही,
हे लक्षात यायला मला अकरा बैठका लागल्या.

तो पानापानाचे फोटो काढत होता.
उपस्थिति: अठारह.
जिन्यावर रीलिंग खात्यातल्या बत्तीस जणी,
खोलीत जागा नाही म्हणून,
कडेवर पोरं, पदरात शेव-परमल.
जिना हजेरीत धरत नाहीत.

एकदा मात्र आम्हाला पुढे बोलावलं होतं.
पोलीस बायांवर लाठी उचलणार नाहीत, असं ठरलं,
खोलीत ठरलं,
आणि आम्ही गेटला साखळी करून उभ्या राहिलो.
जानेवारीची पहाट, भोंगा मुका,
गेंदाबाई माझ्या डावीकडे, तिच्या हातात अजून पीठ.
लाठीनं बाई-पुरुष पाहिलं नाही.
रजिस्टरात त्या दिवशी:
“गेट पर मामूली झड़प हुई।”
हेही मीच लिहिलंय. किती सुरेख वळण आहे “झ”ला.

मागण्या सात होत्या. सातवी आमची:
नव्या मशिनी आल्या म्हणून काढलेल्या बायांना परत घ्या.
चोपन्नाव्या दिवशी समझोता झाला.
सहा मंजूर. सातवी विचाराधीन.
सर्वसम्मति से, असं मी लिहिलं,
आणि ओळीखाली पट्टी धरून रेघ मारली.

“बस, एवढंच?” मुलानं विचारलं.
मी रजिस्टर पालथं घातलं.
“उलटं धरलंय तुम्ही.”
“असू दे. मागून वाच.”

मागची पानं मराठीत. हिशेब.
तो सूर्यभानजींनी कधी मागितला नाही.

दूध, चहापुरतं, ताराबाई पाचपोर, उधार.
घासलेट दोन बाटल्या, रामकली.
गेंदाबाईचं मनगट, प्लास्टर, साडेअकरा रुपये.
सभेचे पोहे, जिऱ्हावण घरचं.
वच्छीचं मंगळसूत्र, सराफ्यात, ऐंशी. नवऱ्याला सांगू नये.
खान नदीकाठच्या झोपड्यांत जाऊन आलो,
मिलमध्ये बदली कामावर कोणी जाऊ नये म्हणून.
चौघी. रात्री. चालत. खर्च नाही.
कुसुम लोंढे बाळंत झाली, मुलगी,
दोन दिवस जिन्यावर आली नाही.

तो बराच वेळ काही बोलला नाही.
फोन खाली ठेवला, परत उचलला.
“हे अंकात कुठे घालू? खर्च या सदरात?”
मला काय माहीत.
मला तर कुसुमची ती मुलगी हवी होती समोर,
पन्नाशीची झाली असेल.

शेवटची नोंद:
जैतून बी, बांगड्यांची टोपली विकून, सत्तावीस रुपये.
परत दिले:
पुढे कोरं.
“चुकवले होते का मग?”

मी सवयीनं चहा ठेवायला उठले.
दारापर्यंत गेले, आणि आले परत.
“तू ठेव,” म्हटलं. “साखर वरच्या फळीवर.”

आत भांड्यांचा आवाज येत राहिला.
त्याला लायटर सापडत नव्हता.
मी सांगितलं नाही.
पहिलं पान उघडलं, चश्मा पुसला,
अठराच्या खाली जागा होती थोडी,
बारीक लिहिलं तर बत्तीस बसतील.